टाकीमागे नऊ, कुंपणाशी बारा

मित्रांनो, माणसाला ताप आला की काखेत लावतात, तो मी नव्हे. मातीत खुपसून तिच्या पोटात किती ऊब आहे ते सांगणारा मी एक जुना तापमापक आहे. वीतभर लांब पोलादी दांडी, वर मनगटी घड्याळाएवढी गोल तबकडी आणि तिच्यात एक लाल काटा, एवढाच माझा देह. काचेवर आता ओरखडे आहेत आणि दांडी टोकाशी काळवंडली आहे. पण एके काळी मी इतका चकचकीत होतो की माझ्या दांडीत बघून कोणी भांग पाडला असता.

माझा जन्मच संशयात झाला. कारखान्यात अगदी शेवटच्या टेबलापाशी जाड चष्म्याची एक बाई बसे. तिच्यापुढे बर्फाच्या पाण्याचे घमेले असे. आम्हां प्रत्येकाला ती त्यात बुडवी आणि काटा शून्यावर आला नाही तर शेजारच्या पत्र्याच्या डब्यात फेकून देई. माझी पाळी येईपर्यंत मी तो खणखणाट सात वेळा ऐकला होता. माझा काटा बरोबर शून्यावर थांबला. तरी तिने मला पुसले, हातात फिरवले आणि पुन्हा बुडवले. दुसऱ्यांदाही शून्यच आल्यावर मग कुठे तिने मला खोक्यात ठेवले.

तिथून मी बी-बियाणे आणि खते विकणाऱ्या एका दुकानात आलो आणि पाण्याच्या नळ्यांशेजारी एका खिळ्याला लटकलो. एके दिवशी उंच, वाकलेले, पांढऱ्या मिशांचे एक गृहस्थ आले. त्यांनी मला खिळ्यावरून काढले, डोळ्यांजवळ नेले आणि दुकानदाराला विचारले, "हा खरं बोलतो कशावरून?"

"अहो काका, कोरा करकरीत आहे."

"कोरेच जास्त खोटं बोलतात. मी चौतीस वर्षं हेच बघितलंय."

ते खरेच होते. दुकानांतले तराजू आणि वजने तपासण्याची त्यांची नोकरी होती. गल्लीतली मुले त्यांना तराजूकाका म्हणत. ज्या माणसाने चौतीस वर्षे प्रत्येक तराजूकडे चोर म्हणून पाहिले, त्याला निवृत्त झाल्यावर जगही तसेच दिसू लागले तर नवल नाही. भाजी घेऊन आले की ते घरी पुन्हा तोलत. शिंप्याने दिलेल्या सदऱ्याच्या बाह्या पट्टीने मोजत. मला घरी आणल्यावरही त्यांनी स्वयंपाकघरात पातेल्यात बर्फ घातला आणि मला त्यात उभे केले.

त्यांची पत्नी, म्हणजे काकू, खुर्चीवर बसून हे बघत होत्या. त्या म्हणाल्या, "बरोबर आहे. माझ्या माहेरीसुद्धा तीन वेळा चौकशी केली होती तुम्ही."

"चार वेळा," तराजूकाका म्हणाले.

मी शून्यावर थांबलो. काकांनी मान हलवली. तेवढीच माझी वाहवा.

मला का आणले होते, ते मला मागच्या दारापाशी होणाऱ्या बोलण्यांतून हळूहळू कळले. काकूंना बरीच वर्षे साखरेचा आजार होता आणि त्यांचा उजवा तळवा बधिर झाला होता. घराच्या मागे त्यांची हिरवळ होती. लांबरुंद नव्हे, चाळीस पावलांत फेरी पूर्ण होई. सकाळी तिथे चालणे हाच त्यांचा बाहेरचा संसार. पण त्या हिरवळीत सराटा शिरला. सराटा म्हणजे जमिनीला चिकटून पसरणारे तण. त्याची फुले गोजिरवाणी पिवळी असतात, पण फळाला सगळीकडून काटे. तसला एक काटा काकूंच्या पातळ चपलेतून आरपार तळव्यात गेला आणि त्यांना कळलेच नाही. त्या तीन दिवस त्याच्यावर चालल्या. चौथ्या दिवशी फरशीवर डाग दिसले.

ती जखम भरायला दीड महिना लागला. कुंपणापलीकडे एक निवृत्त परिचारिका राहत. सगळी गल्ली त्यांना सिस्टर म्हणे. त्या रोज येऊन पट्टी बदलत. डॉक्टरांनी बजावले, "या पायाला आणखी एक जखम झाली तर बोटं वाचवता येतील असं मी सांगू शकत नाही." त्या दिवसापासून काकूंना हिरवळ बंद झाली. जाळीच्या दाराआड खुर्ची टाकून त्या नुसत्या बघत बसत.

आणि तराजूकाकांनी मनाशी ठरवले, की पुढच्या वर्षी इथे एकही सराटा उगवू द्यायचा नाही.

त्यासाठी त्यांनी तणनाशक औषधाच्या दाण्यांची पिशवी आणली. हे दाणे उगवलेले तण मारत नाहीत. ते बी उगवू देत नाहीत. त्यामुळे सगळा खेळ वेळेचा. पिशवीवर लिहिलेले काका मोठ्याने वाचत होते, म्हणून मलाही पाठ झाले. थंडी ओसरताना माती सलग चार दिवस सकाळी बारा अंशांवर राहिली की दाणे पसरायचे आणि वरून पाणी द्यायचे. फार आधी टाकले तर बी जागे होईपर्यंत त्यांचा जोर संपतो. उशीर झाला तर कोंब वर आलेला असतो आणि मग दाणे नुसते पडून राहतात. बी हिरवळीच्या गवताचे की सराट्याचे, हेही त्यांना कळत नाही. म्हणून त्या मोसमात नवे गवत पेरायचे नाही.

काकांनी मला पाण्याच्या टाकीमागे खुपसले. मागच्या दारातून वाकून न बघता मी दिसेन, एवढाच त्यामागचा विचार. तिथे दिवसभर सावली असे. मी तिथली माती सांगत गेलो. सात, आठ, साडेआठ. एके सकाळी मी बारा दाखवले, मग सलग चार दिवस दाखवले. काकांनी दाणे पसरायची लहान ढकलगाडी काढली, आडवे आणि उभे असे दोन हात दिले आणि वर पाणी शिंपडले.

महिन्याभरात कुंपणाकडच्या अर्ध्या हिरवळीवर पिवळी फुले डुलू लागली.

मित्रांनो, त्या दिवसापासून घरात कोणीच विश्वासाचे उरले नाही. आधी बियाणेवाल्यावर आळ आला, त्याने जुनी पिशवी गळ्यात मारली म्हणून. मग माझ्यावर. मला पुन्हा बर्फात उभे केले गेले. मी शून्य दाखवले. काकांनी माझ्याकडे असे पाहिले, जणू मी पाठ केलेले उत्तर दिले. आणि मग सिस्टरवर.

"कुंपणाकडच्या बाजूलाच का येतो? टाकीकडे एकही नाही," काका म्हणाले. "त्या पाखरांना दाणे टाकतात ना रोज. त्यातनंच येतंय बी."

"त्यांनी माझा पाय वाचवला," काकू म्हणाल्या.

"म्हणून मुद्दाम करतात असं म्हणालोय का मी? पण येतंय तिकडूनच."

त्या वर्षी काकांनी एकेक रोप हाताने उपटले. त्यांची बोटे काट्यांनी भरून गेली. तरी काही फळे गळून मातीत शिरलीच. काकू जाळीआड बसून राहिल्या.

दुसरा हिवाळा सरत आला तेव्हा काकांनी नव्या दुकानातून नवी पिशवी आणली आणि मला पुन्हा टाकीमागे लावले. ते रोज साडेसहाला फिरायला जात आणि सव्वासातला परत येत. एके दिवशी ते गेले आणि मागचे दार हळूच उघडले. काकू बाहेर आल्या. त्यांच्या पायात काकांचे नोकरीतले जुने जाड तळव्यांचे बूट होते, त्यांच्या पावलांना चांगले दोन बोटे मोठे. त्यांनी मला मातीतून उपसले आणि एक पाऊल घासत, एक उचलत, हिरवळ ओलांडून कुंपणाशी नेले. तिथे मला खुपसले. बराच वेळ थांबून माझ्याकडे पाहिले. मग मला उचलून परत टाकीमागे लावले आणि आत गेल्या.

खरे सांगतो, मला त्यांचा संशय आला. मीही आता त्याच घरातला होतो ना. नवरा बाहेर गेल्यावर, बंदी असलेल्या जागी, लपूनछपून जाणाऱ्या बाईचा हेतू सरळ कसा असेल? काकांचा बेत फसावा असे हिला वाटते की काय? हिला हिरवळीचा राग आला असेल. पायाचा सूड ती माझ्यावर उगवत असेल.

तिसऱ्या दिवशी कुंपणापलीकडून सिस्टरचा आवाज आला.

"किती, वहिनी?"

"दहा. टाकीमागे साडेसात."

"म्हटलं नव्हतं मी? तोंडातला ताप आणि काखेतला ताप सारखा येत नाही. इथं माझ्या भिंतीचं ऊन परत तुमच्याकडे येतं. गेल्या वर्षी भाऊंनी दाणे टाकले तेव्हा इथं सराट्याला दोन-दोन पानं फुटली होती. मी बघितली होती."

"मग सांगितलं का नाही त्यांना?"

"सांगायला गेले तर म्हणाले, तुम्ही पाखरांचं बघा."

काकू खुदकन हसल्या. मग म्हणाल्या, "मीही नुसतं सांगून उपयोग नाही. ते म्हणतील पुरावा दाखव. चार दिवसांचे आकडे हातात ठेवते, मग बोलते."

मला माझी लाज वाटली. पण संशय हे असे तण आहे की एक उपटले की शेजारी दुसरे असतेच. काकांनाही वेगळाच वास लागला होता. काकूंच्या साखरेच्या नोंदींची एक वही होती आणि काका ती रोज संध्याकाळी तपासत. त्या वहीत साखरेच्या आकड्याशेजारी दुसरा एक आकडा येऊ लागला. दहा. साडेदहा. अकरा. पुढे काही लिहिलेले नाही.

"हे काय आहे?" मागच्या पायरीवर वही उघडून काकांनी विचारले.

"आहे माझं काहीतरी."

"वाढतंय ते."

"वाढू दे. वाढायलाच हवं."

त्या संध्याकाळी ते पायरीवर कितीतरी वेळ वही धरून बसले. ही आपल्यापासून कोणता आजार लपवते आहे, हेच त्यांच्या मनात असणार, कारण आत जाताना त्यांनी दाराची चौकट धरली होती.

दुसऱ्या दिवशी त्यांचे लक्ष माझ्याकडे गेले. टाकीमागची माती काळी. कुंपणाकडे कधीतरी भराव घातलेला, तिथली पिवळसर. माझ्या दांडीवर पिवळी माती होती. काकांनी ती नखाने खरवडून तळहातावर घेतली, आणि त्यांच्या डोळ्यांत चौतीस वर्षांची नोकरी परत आली. त्यांनी कोणाला काही विचारले नाही. माझ्याभोवती चुन्याची पूड भुरभुरवली आणि नेहमीसारखे फिरायला निघून गेले.

परत आले तेव्हा चुन्यात पावले उमटलेली होती. काका गुडघ्यावर बसले, पावलाला मोजपट्टी लावली, टाचेजवळची झिजलेली खूण पाहिली आणि चमकले. ते पाऊल त्यांच्याच बुटाचे होते.

मित्रांनो, एखाद्याला इथेच शहाणपण आले असते. पण काका उठले आणि पुटपुटले, "माझेच बूट घालून येते! काय डोकं आहे बाईचं." आणि तरातरा कुंपणाकडे गेले.

"सिस्टर! जरा बाहेर या."

सिस्टर हातातला पाखरांचा डबा घेऊनच आल्या.

"माझा तापमापक रोज कोण हलवतं?"

"मला का विचारता भाऊ?"

"कारण तुमच्या बाजूची माती त्याला लागलीय. पायरीवरचे माझे बूट घालून तुम्ही आत येता. काय मिळतं तुम्हाला? माझी बायको वर्षभर त्या दारात बसून आहे. तिचा पाय जायची वेळ आली होती, आणि तुम्ही इथं खेळ करताय?"

सिस्टरचा चेहरा पांढरा पडला. एका शब्दात त्या सुटल्या असत्या. पण त्यांनी काकूंचे नाव घेतले नाही. डब्याचे झाकण घट्ट लावले आणि म्हणाल्या, "तुम्हाला वाटेल ते वाटू द्या."

तेवढ्यात जाळीचे दार वाजले. काकू पायरी उतरल्या. पायांत तेच मोठे बूट. हातात वही. त्या हिरवळीवर आल्या तसे काका ओरडले, "थांब! तिथंच थांब! खाली मागच्या वर्षीचे काटे आहेत!"

"बारा दिवस चालतेय मी इथून," काकू चालत चालत म्हणाल्या. "तुमच्या बुटांचा तळ जाड आहे. रोज घरात गेल्यावर पाय आरशात बघते. सिस्टरनी शिकवलंय."

त्यांनी वही उघडून काकांपुढे धरली. "ही माझी साखर. आणि हा इथल्या मातीचा ताप. टाकीमागे आज नऊ आहे. इथं बारा. आज चौथा दिवस."

काका वहीकडे बघत राहिले. मग हळूच म्हणाले, "म्हणजे तुला काही झालेलं नाही?"

"मला काय होणार?"

"मला वाटलं..." त्यांनी आकड्यावर बोट ठेवले. मग म्हणाले, "आकडा तू वाचलास. मी वाचलेला नाही."

"मग वाचा की."

त्यांनी स्वतः मला टाकीमागून आणले आणि स्वतःच्या हाताने कुंपणाशी खुपसले. सिस्टर मनगटावरच्या घड्याळात बघत होत्या, नाडी मोजावी तशा. माझ्या आयुष्यात मी इतका घाबरलो नव्हतो. मी तोच, काटा तोच, सकाळही तीच, पण दहा पावलांवर मी दुसरे बोलणार होतो. माझी दोन उत्तरे ऐकून हे मला खोटारडा तर ठरवणार नाहीत? काटा सरकू लागला. दहा, अकरा. बारावर येऊन किंचित पुढे थांबला.

काका बराच वेळ वाकून होते. "हा कधीच खोटं बोलला नाही," ते म्हणाले. "मीच त्याला चुकीच्या ठिकाणी विचारत होतो."

मग ते सरळ झाले आणि म्हणाले, "आजच टाकू. सिस्टर, तुमची पाण्याची नळी इथवर पोचते का?"

"पोचते. पण मी पाखरांचं बघतेय ना."

काका ओशाळले. मिशीवरून हात फिरवत म्हणाले, "चुकलं माझं." त्यांच्या तोंडून हे दोन शब्द मी आधी ऐकले नव्हते, आणि काकूंनीही ऐकले नसावेत, कारण त्या वही मिटायची विसरल्या.

त्या सकाळी काकांनी ढकलगाडी फिरवली, सिस्टरनी कुंपणावरून पाणी मारले आणि काकूंनी पायरीवरून सूचना दिल्या. त्या उन्हाळ्यात सराट्याची सगळी मिळून सहा रोपे आली. फूल धरायच्या आत ती उपटली गेली. काकांनी काकूंसाठी त्यांच्या मापाचे जाड तळव्यांचे बूट आणले, दुकानात पावलांचे माप तीनदा घेऊन. काकूंची फेरी पुन्हा सुरू झाली. आणि काका एके सकाळी सिस्टरच्या घरी जाऊन त्यांचा स्वयंपाकघरातला वजनकाटा नीट करून आले. त्यांच्याकडून याहून मोठी माफी होणे शक्य नव्हते.

पुढची नऊ वर्षे माझी सुखाची गेली. मला कुंपणाशी कायमची जागा मिळाली. पण त्या सुखात एक गोष्ट घडली. जगात सगळ्यांवर संशय घेणारे काका माझ्यावर संशय घेईनासे झाले. त्यांच्या परगावच्या मुलीने आकडे उजळणारा नवा तापमापक पाठवला, तर त्यांनी तो खोक्यातून काढलासुद्धा नाही. "आमचा आहे," ते म्हणत. मला भीती वाटू लागली. कोणी तपासत नसेल तर मी बरोबर आहे हे मला तरी कसे कळणार?

आणि गेल्या वर्षी, ऐन मोसमात, मला पुसताना काकांच्या हातातून मी फरशीवर पडलो. काच फुटली नाही. काकांनी सुस्कारा सोडून मला पुन्हा मातीत लावले. पण आत काहीतरी सरकले होते. दुसऱ्या दिवशी मला जाणवले की माती अकरावर आहे आणि माझा काटा नऊच दाखवतो आहे. मी सगळा जोर लावला. काटा दोन अंश मागेच राहिला.

"अजून वेळ आहे," काका म्हणाले.

मला ओरडावेसे वाटले. वेळ नाही, काका! माझे ऐकू नका!

काकू वही घेऊन उभ्या होत्या. "काल अकरा होता. आज नऊ? आणि ऊन तर कालच्यापेक्षा कडक आहे."

"तो चुकायचा नाही."

"अहो, हे तुम्ही म्हणताय?"

काकांनी त्यांच्याकडे पाहिले, मग माझ्याकडे. आत जाऊन त्यांनी नवा तापमापक खोक्यातून काढला आणि माझ्या शेजारी लावला. त्याने अकरा दाखवले. टाकीमागे दोघांना लावले, तिथेही दोन अंशांचा फरक. भर उन्हात वाळूत लावले, तिथेही दोनच. आता पत्र्याचा डबा, मी मनात म्हटले. तो कारखान्यातला खणखणाट मला ऐकू येऊ लागला.

काका खुर्चीवर बसले. एक पुठ्ठ्याचा तुकडा कापला, त्यावर ठळक अक्षरांत काहीतरी लिहिले आणि दोऱ्याने माझ्या मानेला बांधला. काकूंनी वाचले, "दोन अंश मिळवा."

"नवा आहे की आता," काकू म्हणाल्या.

"तो किती चुकेल मला माहीत नाही. हा किती चुकतो ते माहीत आहे."

त्या वर्षीही दाणे वेळेवर पडले.

मित्रांनो, तो पुठ्ठा गळ्यात घालून मी आजही कुंपणाशी उभा आहे. पहिल्यांदा मला त्याची शरम वाटली. आता वाटत नाही. तुमच्याही घरात एखादी जुनी वस्तू असेल, थोडी मागे पडणारी, थोडी कमी दाखवणारी. तिच्यावर डोळे मिटून विसंबू नका. पण तिला फेकण्याआधी ती नेमकी किती चुकते, एवढे एकदा मोजून बघा.